डुलकीची किंमत

पुण्याच्या भारत फोर्जमधला एक कामगार ऑगस्ट १९८३ मध्ये भर पाळीत, सकाळी, लोखंडी पत्र्यावर गाढ झोपलेला सापडला. खातेनिहाय चौकशी झाली, बडतर्फीही. कामगार न्यायालयाला ही शिक्षा फार वाटली. सर्वोच्च न्यायालयाने मात्र २००५ मध्ये ती कायम केली, कारण याआधी तीनदा त्याला किरकोळ शिक्षेवर सोडले होते.

महाराष्ट्राचा १९७१ चा अनुचित कामगार प्रथा कायदा किरकोळ चुकीसाठी अवाच्या सवा शिक्षेला मज्जाव करतो, पण त्याच दमात कामगाराची पूर्वीची नोंद पाहायलाही सांगतो. न्यायालये नेमके हेच विसरतात. शिक्षेने ‘सदसद्विवेकाला धक्का’ बसतो का, ही न्यायालयांची कसोटी लवचिक आहे खरी. एका न्यायाधीशाला बसतो तो धक्का दुसऱ्याला जाणवतही नाही. म्हणून शिक्षा बदलणाऱ्याने कारणे लिहावीत. मालकानेही जुनी नोंद आरोपपत्रातच मांडावी, निकालाच्या दिवशी खिशातून काढू नये. एस. टी. वाहकाने तिकिटाचे पैसे लाटले, तर रक्कम छोटी म्हणून न्यायालये सहसा विरघळत नाहीत, ते योग्यच. तिथे प्रश्न विश्वासाचा असतो.

आणि झोपेचा हा वाद मिटायला एकवीस वर्षांहून अधिक काळ लागला, त्याची खातेनिहाय चौकशी कोणी करायची?