बसल्या बसल्या विणलेला चेंडू

परवाची गोष्ट. भंडाऱ्यात महिला बचत गटांचं प्रदर्शन भरलं होतं. पापड, कुरडया, लोणची, मसाले... नेहमीचे स्टॉल. एका कोपऱ्यात आमच्या शेजारच्या वहिनींचं टेबल होतं. त्यांचा हा पहिलाच स्टॉल. टेबलावर क्रोशाने विणलेले लोकरीचे रंगीत चेंडू, आत मऊ फायबर भरलेलं. मी मदतीला म्हणून शेजारी बसले होते.

एक बाई आल्या. कडेवर वर्षाचं लेकरू. लेकराने चेंडू उचलला आणि थेट तोंडात घातला!

"कितीले जी हा चेंडू?"

"ऐंशी रुपये, ताई."

"ऐंशी? काहून जी? बाजारात प्लास्टिकचा दहा रुपयाले भेटते. तुमी तं घरीच बसल्या बसल्या विनता!"

वहिनींचा चेहरा उतरला. "बरं, पन्नास द्या," त्या हळूच म्हणाल्या. बाई खूश होऊन गेल्या. मी मात्र त्या 'बसल्या बसल्या'पाशीच अडकून राहिले.

खोटं कशाला बोलू? हे शब्द मीही कितीदा तरी वापरले आहेत. माझ्या सासूबाई क्रोशाचं सुरेख काम करायच्या. टीव्हीवरचा रुमाल, दाराचं तोरण, देवघराची झालर. नात्यातल्या निम्म्या मुलींच्या रुखवतात त्यांच्या हातचं काहीतरी असायचं. दुपारची भांडी आटोपली की चष्मा लावून त्या सुई हातात घ्यायच्या आणि आम्ही सगळे म्हणायचो, "आईंना छान विरंगुळा आहे." त्यांची मान दुखायची, बोटाला घट्टा पडला होता. पण विरंगुळ्याचे कुणी पैसे देतं का? कधी कुणी दिले नाहीत, त्यांनीही मागितले नाहीत.

मैत्रिणींनो, म्हणूनच त्या रात्री मी कागद-पेन घेऊन बसले आणि वहिनींना म्हटलं, चला, या चेंडूचा एकदा हिशेब मांडूच.

चेंडू विणायचा म्हणजे सुरुवातीला सहा टाक्यांचं कडं. मग दर फेरीला सहा टाके वाढवायचे. सहा, बारा, अठरा करत छत्तीसपर्यंत. नंतर सहा फेऱ्या सरळ छत्तीसच्या. मग तसेच सहा-सहा टाके कमी करत, मध्ये फायबर भरत तोंड बंद करायचं. सगळे मुके खांब, आणि तेही घट्ट, नाहीतर फटीतून फायबर बाहेर डोकावतं. बेरीज केली तर एका चेंडूचे ४३२ टाके! एक टाका चुकला तर चेंडू एका अंगाला फुगतो आणि उसवावा लागतो. तीन रंग घेतले की दोरे बदलणं आणि टोकं आत लपवणं आलंच. वहिनींचा हात चांगला बसलेला आहे, तरी एका चेंडूला सव्वा तास लागतो. लोकर आणि फायबर मिळून पंचवीस रुपये.

आता बघा. पन्नासला विकला तर हातात उरले पंचवीस. सव्वा तासाचे पंचवीस, म्हणजे तासाला वीस रुपये. २०२५-२६ साली महाराष्ट्रात रोजगार हमीच्या कामाचा दिवसाचा दर ३१२ रुपये होता. आठ तासांनी भागलं तर तासाला ३९. म्हणजे रस्त्याच्या कामावर माती उचलणाऱ्या बाईच्या जवळपास निम्मी मजुरी आमच्या वहिनींची! आणि ही रोजगार हमी मूळची आपल्याच महाराष्ट्राची बरं का. १९७२ च्या दुष्काळात ती रुजली. तिथे बाईच्या तासाला किंमत आहे, कारण तिचं नाव हजेरीपटावर आहे. घरातल्या खाटेवर बसून विणणारीचा हजेरीपट कोण ठेवणार?

दुसऱ्या दिवशी तर कहरच झाला. एक दुकानदार आले. चेंडू हातात घेऊन दाबून बघितले आणि म्हणाले, "माल चांगला आहे. एका महिन्यात दोनशे द्या, चाळीस रुपयाने घेतो." वहिनींचे डोळे चमकले. आठ हजारांची ऑर्डर! मी टेबलाखालून त्यांचा हात दाबला. दोनशे चेंडू म्हणजे अडीचशे तास. महिनाभर रोज आठ तासांच्या वर, तेही स्वयंपाक, पाणी, मुलांचे डबे सांभाळून. आणि खर्च वजा जाता उरणार तीन हजार. तासाला बारा रुपये! वहिनी म्हणाल्या, "पण भाभी, तीन हजार म्हणजे तीन हजार असतात ना. लेकीची फी भरता येते." याच्यावर माझ्याकडे चटकन उत्तर नव्हतं. त्यांनी दुकानदाराला "विचार करून सांगते" म्हटलं.

तेवढ्यात पलीकडच्या स्टॉलवरच्या ताईंनी आणखी एक बॉम्ब टाकला. "खेळण्यावर आयएसआयचा शिक्का नसेल तर लाखांत दंड होतो म्हणे!" झालं! वहिनींनी अर्धे चेंडू पिशवीत भरलेसुद्धा. मला वाटलं अफवा असेल. पण माहिती काढली तर गोष्ट खरी निघाली... आणि अर्धवटही.

झालं असं की, आपला खेळण्यांचा बाजार परदेशी, विशेषतः चिनी मालाने भरला होता. २०१९ साली भारतीय गुणवत्ता परिषदेने दिल्लीच्या बाजारातली आयात खेळणी तपासली, तर सुमारे ६७ टक्के चाचणीत नापास झाली. मग २०२० च्या फेब्रुवारीत केंद्र सरकारने खेळण्यांवरचं आयात शुल्क २० वरून ६० टक्के केलं (२०२३ मध्ये ते ७० टक्के झालं) आणि खेळण्यांच्या गुणवत्तेचा आदेश काढला. १ जानेवारी २०२१ पासून चौदा वर्षांखालच्या मुलांच्या खेळण्यांना आयएसआय चिन्ह सक्तीचं झालं. मानक ब्युरोच्या २०१६ च्या कायद्यात पहिल्याच चुकीला किमान दोन लाख रुपये दंड किंवा दोन वर्षांपर्यंत कैद अशी तरतूद करण्यात आली. आयात खरोखरच घटली. २०१८-१९ मध्ये ३७ कोटी डॉलरची होती, ती २०२१-२२ मध्ये ११ कोटींवर आली.

हेतू चांगलाच होता. लेकराच्या तोंडात विषारी रंग जाऊ नये, असं कोणत्या आईला वाटणार नाही? पण प्रयोगशाळेतली चाचणी, कामाच्या जागेची तपासणी, परवान्याची फी हे सगळं कारखान्याला परवडतं. स्वयंपाकघराच्या ओट्याशेजारी बसून चेंडू विणणाऱ्या बाईला कसं परवडावं? हे सरकारच्याही लक्षात आलं. डिसेंबर २०२० मध्ये दुरुस्ती झाली आणि विकास आयुक्त (हस्तशिल्प) यांच्याकडे नोंदणी असलेल्या कारागिरांनी स्वतः बनवून विकलेल्या वस्तूंना या सक्तीतून सूट मिळाली. भौगोलिक मानांकन मिळालेल्या खेळण्यांच्या अधिकृत उत्पादकांनाही मिळाली.

नीट वाचा बरं. सूट 'हाताने बनवलेल्या खेळण्या'ला नाही, 'नोंदणी असलेल्या कारागिरा'ला आहे! म्हणजे वहिनींचा चेंडू कितीही सुरेख असो, जोवर सरकारी कागदावर त्या 'गृहिणी' आहेत तोवर सूट नाही. त्या 'कारागीर' झाल्या की आहे. चेंडू तोच, हात तेच. फरक फक्त एका कार्डाचा. आणि हे कार्ड काढायचं तर आधी बाईने स्वतःला कारागीर म्हणायला हवं. घोडं अडतं ते तिथेच.

आपल्या भंडारा जिल्ह्याला हा धडा नवा नाही. विड्या वळणाऱ्या हजारो बायका आपण पाहत आलो. त्याही घरीच बसायच्या. सुपात तेंदूची पानं आणि तंबाखू, एका मांडीवर लेकरू. हजार विड्यांमागे मजुरी, त्यातून खराब म्हणून काढलेल्या वेगळ्या. पण १९६६ साली विडी कामगारांचा कायदा झाला आणि त्यात, मालकाकडून किंवा ठेकेदाराकडून माल घेऊन घरी विड्या वळणारी बाईही कामगार, असं लिहिलं गेलं. त्या एका ओळीमुळे ओळखपत्र, दवाखाना, मुलांची शिष्यवृत्ती मागता आली. सगळ्यांना सगळं मिळालं असं नाही. पण मागायला आधार झाला. क्रोशावालीला असा आधार कुठे आहे?

हीच गोष्ट आंध्र प्रदेशातल्या नरसापूरला घडली. गोदावरीच्या त्या भागात मिशनऱ्यांनी एकोणिसाव्या शतकात बायकांना क्रोशाची लेस शिकवली. पुढे ती लेस परदेशात जाऊ लागली. मारिया मीस नावाच्या जर्मन विदुषीने तिथे राहून अभ्यास केला. १९८२ साली तिचं पुस्तक आलं. बायका दिवसाचे सहा ते आठ तास विणत होत्या, पण त्यांना कामगार कुणी म्हणत नव्हतं. गृहिणी आहेत, फावल्या वेळात विणतात! व्यापारी आणि निर्यातदार मात्र बहुतेक पुरुष. मजुरी कमी द्यायची तर कामाला 'फावला वेळ' म्हणायचं, ही युक्ती किती जुनी आहे बघा.

आणखी एक गंमत सांगते. विणकामाचं यंत्र निघालं १५८९ साली. क्रोशासारखी दिसणारी लेसही यंत्रावर निघते. पण खरा क्रोशा, म्हणजे सुईने एकेक टाका उचलून गोल वळवलेला चेंडू किंवा बाहुली, कारखान्यात काढणारं यंत्र अजून बाजारात आलेलं नाही. म्हणजे शहरातल्या मोठ्या दुकानात किंवा मोबाइलवर क्रोशाचं खेळणं शंभर रुपयांत दिसलं, तर ते यंत्रामुळे स्वस्त नाही. जगात कुठेतरी एका बाईने ते हाताने विणलंय आणि तिला कमी पैसे मिळालेत. एवढंच.

मग वेगळं काही होऊच शकत नाही का? शेजारच्या बांगलादेशात बघा. २००४ मध्ये सुरू झालेल्या 'हाथाय बुनानो' या संस्थेने खेड्यापाड्यांतल्या बायकांना क्रोशाची खेळणी शिकवली. गावातच केंद्र, घर सांभाळून यायची सोय, आणि तिथली खुळखुळे-बाहुली इंग्लंड-अमेरिकेच्या दुकानांत. सुई तीच, लोकर तीच. पण एकटीने घासाघीस करण्याऐवजी सगळ्या एका छताखाली आल्या.

आपल्याकडे काय करता येईल? पहिलं, कारागीर ओळखपत्र काढा. केंद्राच्या वस्त्रोद्योग मंत्रालयाचं हस्तशिल्प खातं ते देतं. या खात्याचं सेवा केंद्र नागपूरला आहे. एकटीने जाण्यापेक्षा गटाने मिळून अर्ज केले तर चौकशीच्या फेऱ्या वाचतात. दुसरं, सप्टेंबर २०२३ मध्ये सुरू झालेल्या पंतप्रधान विश्वकर्मा योजनेत अठरा व्यवसाय आहेत. त्यात पारंपरिक बाहुल्या-खेळणी बनवणारेही आहेत. अवजारांसाठी १५ हजारांपर्यंत मदत आणि पाच टक्के व्याजाने आधी एक लाखापर्यंत, मग दोन लाखांपर्यंत कर्ज. क्रोशाला 'पारंपरिक' मानतील का, हे अर्ज करतानाच विचारून घ्या. आणि यात मेख आहे. लाभ कुटुंबातल्या एकालाच! तेव्हा घरात कुणाचं नाव पुढे जातं, त्याकडे लक्ष असू द्या.

तिसरं, सूट मिळाली म्हणून सुरक्षेतून सुटका नाही. तान्ह्या मुलासाठीच्या चेंडूला मणी, बटणं, टिकल्या लावू नका. डोळे काढायचेच तर दोऱ्याने भरा. टाके घट्ट हवेत, लोकरीचा रंग जाता कामा नये आणि चेंडू साडेचार सेंटिमीटरपेक्षा मोठाच हवा, म्हणजे घशात अडकायची भीती राहत नाही. ते कडेवरचं लेकरू आठवतंय ना? चेंडू आधी तोंडातच जातो.

आणि चौथं, भाव ठरवताना तास धरा. पंचवीसचा माल, सव्वा तासाचे रोजगार हमीच्या दराने एकोणपन्नास. झाले चौऱ्याहत्तर. वहिनींचे ऐंशी जास्त नव्हतेच, उलट अगदी बेताचे होते!

हो, ऐंशी रुपये सगळ्यांना झेपतात असंही नाही. त्या घासाघीस करणाऱ्या बाईसुद्धा महिन्याचं गणित जुळवणारीच असणार. त्यांना दोष देऊन काय होणार? परवडत नसेल तर घेऊ नये, त्यात कमीपणा नाही. पण "बसल्या बसल्या तर करता" हे वाक्य तेवढं आपण बायकांनी बायकांना ऐकवू नये. बसूनच तर बँकेतला कारकूनही काम करतो. त्याचा पगार कुणी कापतं का?

वहिनींनी पुढे काय केलं, हे तुम्ही विचारालच. त्यांनी दुकानदाराला फोन केला. "पंचाहत्तरला देईन, महिन्याला चाळीसच देईन," म्हणाल्या. दुकानदारांनी "बघतो" म्हटलं. त्यांचा फोन अजून आलेला नाही. लेकीची फी त्यांनी भिशीतून भरली. प्रदर्शनाच्या शेवटच्या दिवशी मात्र अकरा चेंडू गेले, ऐंशीला, एक रुपया कमी न करता. पुढच्या आठवड्यात आम्ही पाचजणी कार्डाची चौकशी करायला नागपूरला निघालो आहोत. अर्जात 'व्यवसाय' असा रकाना असतो. तिथे काय लिहायचं, याची वहिनी आत्तापासून तयारी करताहेत.

तुमच्या घरात आहे का अशी कुणी विणणारी? तिला एकदा विचारून बघा, किती तास लागले म्हणून.