झुडपाला कुंपण, ज्वारीला पंचनामा



प्रशांत महासागरातल्या हवाई बेटांवर, डोंगरातल्या ओल्या रानात आकाला नावाचे झुडूप आहे. कूळ गुलाबाचे, फळ रासबेरीसारखे. त्याच्या दोन जाती जगात फक्त तिथेच उगवतात. त्यातली रुबस मॅक्राई आता फार थोडी उरली आहे. या गोतावळ्याचे हत्यार म्हणजे काटा, असे आम्ही कृषी महाविद्यालयात शिकलो. पण हवाईत मुळात खुराचे जनावरच नव्हते. काट्याचे काम पडले नाही. आकालाचे काटे विरळ आणि मऊ झाले.

1793 साली इंग्रज कप्तान व्हँकुव्हरने राजा कामेहामेहाला गुरे दिली आणि ती मारायची नाहीत अशी बंदी घालवली. बंदी उठली 1830 साली. तोवर गुरे रानटी होऊन डोंगरभर झाली. शेळ्या आणि डुकरेही बाहेरूनच आलेली. बिनकाट्याचे झुडूप कोण सोडणार?

एकीकडे हत्यार नसलेला, दुसरीकडे राजाने राखलेली जनावरे. गोष्ट ओळखीची वाटते ना?

पुढचे मात्र ओळखीचे नाही. 1970 आणि 1980 च्या दशकांत तिथल्या राष्ट्रीय उद्यानांनी डोंगराला तारेचे कुंपण घातले, आतल्या शेळ्या-डुकरे हटवली. खर्च सरकारचा. आकालाला कुणी अर्ज करायला लावला नाही!

आणि आपल्याकडे? ज्वारी हुरड्यात आली की रानडुकरांचा कळप एका रात्रीत ती लोळवतो. पऱ्हाटीचे शेंडे रोही खुडतात. 1972 च्या वन्यजीव कायद्याने परवान्याशिवाय हात उचलायचा नाही. काटा सरकारने काढून घेतला. कुंपण? ते तुमचे तुम्ही बघा. पीक गेले तर अर्ज, पंचनामा आणि हेलपाटे. रात्रभर जागल करून दिवसा निंदणाला जायचे, त्या जागलीची मजुरी कोणत्या पंचनाम्यात लिहितात?

जंगल राखायला आमची ना नाही. आकाला जगलाच पाहिजे. पण जंगल सगळ्या देशाचे, तर त्याचा खर्च एकट्या कोरडवाहू शेतकऱ्याच्या कणसातून का?

आमची मागणी सरळ आहे. काटा काढून घेतला असेल तर कुंपण द्या. कुंपण देत नसाल तर बाजारभावाने पूर्ण भरपाई द्या, तीही ठरलेल्या मुदतीत.

बैठकीला येताना मागच्या हंगामाचा हिशेब लिहून आणा: किती एकर, किती क्विंटल, किती रात्री जागल. आकालाला तोंड नव्हते. आपल्याला आहे.