घराचा हप्ता आणि घराची किंमत

नांदेडहून कोणत्याही दिशेने बाहेर पडावे, किंवा लातुरात बार्शी रस्त्याने वा अंबाजोगाई रस्त्याने फेरफटका मारावा, दोन्ही अंगांना नव्या सदनिकांचे फलक दृष्टीस पडतात. या फलकांवर बहुधा घराची एकूण किंमत बारीक अक्षरांत असते, कधी मुळीच नसते. ठसठशीत अक्षरांत असतो तो मासिक हप्ता. विकणाऱ्याने हप्ता दाखवावा यात नवल नाही. नवल याचे वाटते की घेणाराही हप्त्यापलीकडे पाहत नाही. आयुष्यातील सर्वांत मोठा व्यवहार करताना सुशिक्षित माणूससुद्धा 'महिन्याला किती बसेल?' एवढाच प्रश्न विचारतो आणि उत्तर पगारात बसले की सही करतो.

मराठवाड्यात ही सवय तशी नवीनच आहे. आमच्या आधीच्या पिढीने घर विकत घेतले नाही, बांधले. तेही एका दमात नव्हे. एका सुगीला दोन खण, पुढच्या बऱ्या सालात आणखी दोन, मुलीचे लग्न आटोपल्यावर ओसरी. दगड, पांढरी माती, सागवानी तुळया आणि वर माळवद. पैसा हाती येईल तसे घर वाढे, न आल्यास थांबे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपाने लातूर-उस्मानाबाद भागात हजारो माणसे त्याच दगडमातीखाली गाडली गेली आणि माळवदावरचा विश्वासच उडाला. सिमेंट-लोखंडाचे घर ही चैन न राहता जिवाची हमी झाली. पण असे घर खणाखणाने वाढत नाही. त्याला रक्कम एकदम लागते, आणि ती कर्जाखेरीज उभी राहत नाही. इकडे १९७७ साली एच. टी. पारेख यांनी स्थापन केलेल्या एचडीएफसीने मध्यमवर्गाला घरासाठी दीर्घ मुदतीचे कर्ज घ्यायला शिकवलेच होते. ती रीत मुंबई-पुण्याहून आमच्या जिल्ह्यांत यायला मात्र बराच काळ जावा लागला.

ती आली तेव्हा व्याजाची आमची मापे वेगळी होती. मोंढ्यात आजही व्याज सालाने नव्हे, महिन्याने आणि शेकड्याने बोलले जाते. 'शेकडा दोन' म्हणजे वर्षाला चोवीस टक्के. 'शेकडा तीन' म्हणजे छत्तीस. या भाषेत बँकेचे नऊ टक्के म्हणजे शेकडा पाऊण रुपया. सावकाराच्या दोन-तीन रुपयांपुढे पाऊण रुपया माणसाला दानधर्मासारखा वाटतो. परंतु सावकाराचे कर्ज दोन-चार सुगींचे असते, घराचे वीस वर्षांचे. व्याजाचे ओझे दर आणि मुदत या दोघांच्या गुणाकाराने ठरते, आणि आपले डोळे फक्त दरावर खिळलेले असतात.

आता थोडे गणित करू. तीस लाख रुपये कर्ज, नऊ टक्के दर, वीस वर्षे मुदत. मासिक हप्ता येतो सुमारे २६,९९२ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज होते सुमारे ६४ लाख ७८ हजार. म्हणजे तीस लाखांवर व्याजच पावणेपस्तीस लाखांच्या आसपास. यात लबाडी काही नाही, आणि हप्ते वेळेवर भरले तर व्याजावर व्याजही चढत नाही. फक्त मुद्दल फार काळ जागचे हलत नाही. पहिल्याच महिन्याचा हप्ता फोडून पाहावा: २२,५०० रुपये व्याज आणि अवघे ४,४९२ रुपये मुद्दल. पहिल्या वर्षात सव्वातीन लाख भरूनही मुद्दल छप्पन्न हजारांनीच उतरते. दहा वर्षे एकही हप्ता न चुकवता भरणाऱ्या कर्जदाराने ३२ लाख ३९ हजार रुपये भरलेले असतात, आणि त्याच्या नावे २१ लाख ३१ हजार रुपये शिल्लक असतात. निम्मी मुदत संपली म्हणून निम्मे कर्ज फिटले, असा जो समज घरोघर असतो तो किती भाबडा आहे, हे यावरून ध्यानात यावे.

मुदतीचा परिणाम तर याहून विलक्षण आहे. हेच कर्ज पंधरा वर्षांचे घेतले तर हप्ता ३०,४२८ रुपये होतो, म्हणजे महिन्याला साडेतीन हजारांच्या आतच जास्त; पण एकूण व्याज दहा लाखांनी उतरते. उलट मुदत तीस वर्षे केली तर हप्ता जेमतेम २,८५३ रुपयांनी हलका होतो आणि व्याज बावीस लाखांनी चढते. कर्ज देणारा अधिकारी 'मुदत वाढवून देतो, हप्ता बसेल' असे म्हणतो तेव्हा तो सवलत देत असतो असे आपण समजतो. ती सवलत बावीस लाखांची असते, आणि ती आपण देत असतो.

आपल्याकडे दामदुपटीचा एक जुना नियम होता. थकलेले व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा अधिक वसूल करू नये, हा त्याचा आशय. मुंबई इलाख्यात ब्रिटिश न्यायालयांनीही तो मानला, आणि सावकारीवर नियंत्रण ठेवणाऱ्या महाराष्ट्राच्या २०१४ च्या कायद्यातही ती मर्यादा कायम आहे. वरच्या उदाहरणात व्याज मुद्दलाच्या पुढे गेले, मग दामदुपट कुठे गेली, असे एका विद्यार्थ्याने मला विचारले होते. उत्तर असे की तो नियम साचलेल्या व्याजाला लागतो, महिन्याच्या महिन्याला भरलेल्या व्याजाला नाही. आणि सावकारांसाठीचा कायदा बँकांना लागू नाही. दुसरीही एक रीत आहे. केंद्र शासनाच्या कर्मचाऱ्यांना मिळणाऱ्या घरबांधणी अग्रिमात आधी मुद्दल फेडून घेतले जाते, त्याच्या मागून व्याज, तेही सरळ व्याज. तेवढ्या एका क्रमाने कर्जाचा सारा स्वभाव पालटतो.

अर्थशास्त्राच्या शिक्षकाने येथे दुसरी बाजूही मांडली पाहिजे. आजचे तीस लाख आणि वीस वर्षांत विखुरलेले पासष्ट लाख यांची सरळ तुलना करणे शास्त्राला धरून नाही. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षीच्या २६,९९२ रुपयांची किंमत आजच्या दहा हजारांच्या आसपासच भरेल. शिवाय घरभाडे वाचते, डोक्यावर छप्पर आजच येते. म्हणून कर्ज घेऊच नये असे मी म्हणणार नाही. मीही घेतले आहे. पण महागाई हप्ता हलका करते ती ज्याचे उत्पन्न महागाईबरोबर चढते त्याचाच. वेतन आयोगाच्या कक्षेतील प्राध्यापकाला हा हिशेब लागू पडतो. त्याच महाविद्यालयात तासिका तत्त्वावर वर्षानुवर्षे शिकवणाऱ्या त्याच्या सहकाऱ्याला तो लागू पडत नाही. मोंढ्यातील आडत, हमाली, खतबियाण्याची दुकाने, इतकेच काय लातूरच्या शिकवण्यांभोवतीच्या खाणावळी आणि वसतिगृहे, या साऱ्यांची मिळकत चढउताराची. सोयाबीनचा भाव पडला की बाजार बसतो. हप्ता दरमहा येतो, कमाई सुगीला. आमच्या भागातील गृहकर्जाचा खरा धोका या विसंगतीत आहे.

आणि हप्ता तरी स्थिर कुठे असतो? बँकांची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची आहेत, आणि ऑक्टोबर २०१९ पासून दिलेली अशी कर्जे एखाद्या बाह्य दराशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, जोडलेली आहेत. मे २०२० मध्ये रेपो दर चार टक्क्यांवर आला. त्या स्वस्ताईत अनेकांनी घरे घेतली. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा झाला. समजा एखाद्याने २०२१ साली सात टक्क्यांनी तीस लाख वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,२५९ रुपये. दोन वर्षांनी दर साडेनऊ झाला तेव्हा शिल्लक होती सुमारे २८ लाख ५२ हजार, आणि तिच्यावरचे महिन्याचे व्याज २२,५७९ रुपये. म्हणजे मुद्दलात जाणार महिन्याला सातशे रुपयेही नाहीत! हप्ता तोच ठेवून केवळ मुदत वाढवायची म्हटले, तर उरलेली अठरा वर्षे सदतीस वर्षांवर जातात. माझे एक सहकारी 'माझा हप्ता वाढला नाही' म्हणून त्या काळात निश्चिंत होते. खातेउतारा मागवून पाहिला तेव्हा उरलेल्या हप्त्यांची संख्या कर्ज घेतले त्या दिवसापेक्षाही जास्त निघाली, आणि शेवटचा हप्ता त्यांच्या निवृत्तीच्या कितीतरी पुढे गेला होता.

रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये परिपत्रक काढून याला काहीसा आळा घातला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारले पाहिजे. दर तिमाहीला भरलेले मुद्दल, भरलेले व्याज आणि उरलेले हप्ते यांचे विवरण त्याला मिळाले पाहिजे. हा हक्क किती कर्जदारांनी बजावला असेल? फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो दर साडेसहावरून साडेपाचवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून न घेता तोच ठेवावा आणि मुदत आवळून घ्यावी, एवढे साधे शहाणपणही पुष्कळांना सुचत नाही.

किरकोळ म्हणून सांगितले जाणारे खर्चही मुळीच किरकोळ नसतात. कर्जाबरोबर गळ्यात मारलेल्या विम्याचा लाखभर रुपयांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिसळला, तर वरच्या दराने वीस वर्षांत त्याचे दोन लाख सोळा हजार होतात. विमा जरूर घ्यावा, पण वेगळा, आणि त्याची रक्कम कर्जात न मिसळता. प्राप्तिकरातील सवलतीचे आमिष तर आता बरेच पातळ झाले आहे: २०२३-२४ पासून आपोआप लागू होणाऱ्या नव्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही, आणि जुन्या पद्धतीतही ती दोन लाखांवर थांबते. आणि २०१६ साली ज्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले, तेथे टँकरचा आणि विंधन विहिरीचा खर्च घराच्या किमतीत न धरणारा माणूस भाग्यवानच म्हटला पाहिजे.

हे सारे झाले बँकेच्या दारात ज्याला प्रवेश आहे त्याचे. गुंठेवारीच्या भूखंडावर घर बांधणाऱ्याला, ज्याच्याकडे पगारपत्रक नाही अशाला, बँक बहुधा परत पाठवते. तो मग गृहवित्त कंपनीकडे किंवा पतसंस्थेकडे जातो. तेथे दर चढा, आणि बँकांना लागू असलेली बाह्य दराची सक्ती या कंपन्यांना नाही. त्यामुळे रेपो उतरला तरी त्याच्या खात्यात तो उतरेलच असे नाही. नव्या ग्राहकाला कमी दर आणि जुना मात्र जुन्याच दरावर, हा प्रकार तेथे अधिक. ज्याची ऐपत कमी त्याला पैसा महाग, हा बाजाराचा नियम मी वर्गात शिकवतो. तो न्याय्य आहे असे मात्र शिकवत नाही.

यावर एक उपाय कागदोपत्री तयार आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाबरोबर मुख्य तथ्यांचे पत्रक देणे बँका आणि वित्त कंपन्यांना बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्के धरून येणारा वार्षिक दर आणि संपूर्ण मुदतीचे परतफेडीचे कोष्टक हवे. पत्रक कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत हवे, आणि ते त्याला समजावून सांगून त्याची पोच घ्यायला हवी. पत्रकात नसलेले शुल्क त्याच्या स्पष्ट संमतीखेरीज लावता येत नाही. समजणारी भाषा म्हणजे नांदेड-लातुरात बहुसंख्यांना मराठी. कर्जाच्या जाडजूड इंग्रजी कराराच्या पन्नास पानांवर खुणेच्या जागी सह्या करताना ते एक मराठी पत्रक मागून घेण्याचा आग्रह आपण धरला पाहिजे, आणि जिल्ह्याच्या अग्रणी बँकेने आपल्या बैठकीत शाखाशाखांना त्याचा जाब विचारला पाहिजे. कोष्टक हाती असले म्हणजे जादा भरण्याचे मोलही उमगते. वरच्या तीस लाखांच्या कर्जात दरवर्षी एकच हप्ता अधिक भरला तर कर्ज साडेसोळा वर्षांत फिटते आणि सात लाखांच्या आसपास व्याज वाचते. पहिल्या वर्षाअखेर एकदाच एक लाख भरले तर शेवटचे एकोणीस हप्ते गळून पडतात. व्यक्तीच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीसाठी दंड घेता येत नाही, हेही अनेकांना ठाऊक नसते.

दरवर्षी पदवीच्या शेवटच्या वर्षाला मी हे गणित देतो आणि शक्य असल्यास घरचाच खातेउतारा आणायला सांगतो. गेल्या खेपेस लातूरकडच्या एका मुलाने वडिलांचा उतारा आणला. वडील मोंढ्यात मापाडी. बारा लाखांचे कर्ज, चौदा टक्के, पंधरा वर्षे. हप्ता १५,९८१ रुपये. चार वर्षांत एकही हप्ता चुकला नव्हता आणि भरणा झाला होता ७ लाख ६७ हजार. बारातून पावणेआठ गेले, सव्वाचार-साडेचार लाख उरले, असा वडिलांचा हिशेब. त्या भरवशावर धाकट्या मुलीच्या लग्नाची बोलणीही त्यांनी चालवली होती. उताऱ्यावर शिल्लक होती १० लाख ७३ हजार. तास संपल्यावर मुलगा थांबला आणि हा आकडा घरी सांगायचा कसा, असे त्याने विचारले. त्या शनिवारी मी त्याच्याबरोबर लातूरला गेलो. वडिलांनी कोष्टक दोनदा वाचून घेतले आणि बराच वेळ काही बोलले नाहीत. मग सुगीच्या कमाईतून साठ हजार रुपये मुद्दलात भरायचे ठरले, आणि रक्कम मुद्दलातच जमा व्हावी, हप्ता कमी न करता मुदत कमी व्हावी, असा अर्ज आम्ही तिघांनी त्यांच्या ओसरीवर बसून मराठीत लिहिला.