कात्रीचं काम, हौसेचं नव्हे

पूर्ण लांबीचा पहिला कार्टून सिनेमा कुठला, असं कुणालाही विचारा. उत्तर ठरलेलं असतं, डिस्नेचा ‘स्नो व्हाइट’. तो आला डिसेंबर १९३७ मध्ये. त्याआधी अकरा वर्षं, २ मे १९२६ रोजी बर्लिनमध्ये ‘प्रिन्स अखमद’ पडद्यावर आला होता आणि तो एका बाईने केला होता, हे कितीजणींना ठाऊक आहे? लोटे रायनिगर तिचं नाव. तेव्हा वय सव्वीस. त्याआधी अर्जेंटिनात असे प्रयत्न झाले होते, पण ते सिनेमे नष्ट झाले. आज बघायला मिळणारा सर्वांत जुना तो हाच.

लोटेला लहानपणापासून कात्रीचं वेड. काळ्या कागदातून ती माणसं-प्राणी कापायची. नाट्यशाळेत असताना नटांच्या आकृत्या कापून तिने पॉल वेगेनर या बड्या नट-दिग्दर्शकाचं लक्ष वेधलं. त्याच्या १९१८ च्या बासरीवाल्याच्या सिनेमाच्या पाट्या तिने केल्या. खरे उंदीर काही ऐकेनात, तेव्हा लाकडी उंदीर इंच-इंच सरकवून चित्रण करायलाही ती पुढे!

पुढे १९२३ मध्ये जर्मनीत पैशाचा कागद होत होता. लुई हागन नावाच्या बँकरने महागाईवर उतारा म्हणून कोरी फिल्म घेऊन ठेवली होती. ती त्याने लोटेपुढे ठेवली आणि पॉट्सडॅममध्ये आपल्या गॅरेजवरचा माळाही दिला. तिथे तीन वर्षं काम चाललं. पुठ्ठ्याच्या आणि शिशाच्या पातळ पत्र्याच्या बाहुल्या, तारेने जोडलेले सांधे, खालून उजेड, वर कॅमेरा. हात जरासा हलवायचा, एक फोटो. पुन्हा जरासा, पुन्हा फोटो. काचेचे एकावर एक थर लावून तिने चित्राला खोलीही आणली. हेच तंत्र पुढे डिस्नेच्या नावावर गाजलं.

कॅमेरा सांभाळायचा तिचा नवरा, कार्ल कोख. वॉल्टर रुटमनसारखे कलावंत हाताखाली. म्हणजे गाडा सगळा बाईच्या हुकमाने चालायचा. तरी तिच्याबद्दल लिहिताना ‘नाजूक’, ‘सुबक’ हे शब्द आलेच पाहिजेत का? मला तर राग येतो बाई! पुरुषाने यंत्र बनवलं की शोध, बाईने कात्री चालवली की छंद. आपल्याकडेही कातरकाम म्हणजे शाळेतला कार्यानुभवाचा तास. हजारो फोटो पारखून घेणं ही काही फावल्या वेळेतली गंमत नव्हे.

नाझी आल्यावर १९३५ मध्ये तिने देश सोडला. कायमचा आसरा मिळेना. इटली, फ्रान्स, इंग्लंड अशी भटकंती झाली. आजारी आईसाठी १९४४ मध्ये ती बर्लिनला परतली. १९४९ मध्ये लंडनला गेली आणि तिथे त्याच कात्रीने टीव्हीसाठी परीकथा केल्या. १९८१ मध्ये ती गेली.

‘अखमद’ची मूळ निगेटिव्ह युद्धात गेली. ब्रिटनमध्ये एक रंगीत छटांची प्रत उरली होती, तिच्यावरून १९९० च्या दशकाच्या अखेरीस सिनेमा पुन्हा उभा राहिला. मुलांना जरूर दाखवा. राक्षसी जादूगाराशी झुंज आहे त्यात, दोघंही क्षणाक्षणाला रूपं बदलतात. आणि नायकाच्या बाजूने जीव तोडून लढते ती कोण माहीत आहे? चक्क एक चेटकीण.