प्रेरणेची शाल

वाचकहो, ऐन दिवाळीत भांडण काढतो आहे, क्षमा असावी. पण चोराने चोरी कबूल करावी आणि वर तिला प्रेरणा म्हणावे, तेव्हा मास्तराने गप्प बसावे काय?

माझ्या एका कादंबरीत म्हातारी आई घराचे गहाणखत देव्हाऱ्यातल्या डब्यात लपवून ठेवते. परवा एका संमेलनात एकांकिका पाहिली. तीच आई, तोच डबा आणि तिच्या तोंडची वाक्येही माझीच! माझे नाव मात्र कोठे नाही. लेखकाला गाठले, तर हात जोडून म्हणाला, "सर, तुमच्यापासूनच प्रेरणा घेतली!" शेजाऱ्याच्या वहीतून गणित उतरवणारा पोरगा पकडला गेला, की निदान मान तरी खाली घालतो.

या मंडळींचे उत्तर ठरलेले : कल्पना का कुणाच्या मालकीची असते? नसते, मान्य! 'हम हिंदुस्थानी' नाटकाचे कर्ते आर. जी. आनंद यांनी 'न्यू दिल्ली' (१९५६) या चित्रपटावर दावा लावला होता. १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले आणि आनंद हरले. पण निकालाचा दुसरा भाग ही मंडळी सोयीस्करपणे गिळतात. विषय सर्वांचा, त्याची मांडणी आणि शब्द मात्र कर्त्याचे. दोन्ही कृती पाहणाऱ्याला दुसरी ही पहिलीची नक्कल असे निःसंशय वाटले, तर तो हक्कभंगच. हा हक्क १९५७चा कायदा आज लेखकाच्या पश्चातही ६० वर्षे राखतो.

कुणी म्हणेल, आपली रंगभूमी उसनवारीवरच वाढली. खरे आहे. पण देवलांच्या 'झुंझारराव'चे मूळ 'ऑथेल्लो' हे कोणापासून लपले होते? पु. ल. देशपांड्यांनी 'अंमलदार' लिहिताना गोगोलचे ऋण झाकले का? उसने घेणारा सावकाराचे नाव सांगतो. लपवतो तो चोर. आणि सावकार हयात असेल, तर आधी त्याला विचारावेही लागते.

आमच्या घरी अनारशांची तारीफ झाली, की सौभाग्यवती चारचौघींत सांगतात, "कृती शेजारच्या काकूंची हो!" काकूंचे भरलेले ताट मात्र त्या कधी उचलून आणीत नाहीत. फराळाला जी रीत आहे, ती साहित्याला नसावी?