सरकारी वकील आणि न्यायासन

मध्य प्रदेशाच्या दक्षिण सीमेवरील पांढुर्णा व सौंसर या दोन तहसिली मराठी मुलुखाच्याच आहेत. संत्र्याच्या बागा, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात होणारी गोटमार, घराघरांतील बोली, यांपैकी काहीही त्यांना नागपूरपासून वेगळे काढीत नाही. वेगळे काढले ते १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्यपुनर्रचनेने. तोवर येथील पक्षकाराचे अपील शेजारच्या नागपूर उच्च न्यायालयात जात असे. पुढे त्याला दूरच्या जबलपूरची वाट धरावी लागली. नागपूरचे मुख्य न्यायाधीशही त्याच वेळी मध्य प्रदेशचे मुख्य न्यायाधीश म्हणून जबलपूरला गेले. ते महंमद हिदायतुल्ला. २०२३ साली या दोन तहसिलींचा मिळून पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला आहे. तेव्हा या न्यायाधीशाचे स्मरण अप्रस्तुत ठरू नये.

नागपूरच्या मॉरिस कॉलेजात व पुढे केंब्रिजला शिकून हिदायतुल्लांनी १९३० साली नागपुरात वकिली आरंभिली. १९४२ च्या डिसेंबरात ते सरकारी वकील झाले आणि १९४३ साली मध्यप्रांत व वऱ्हाडचे महाधिवक्ता. ‘चले जाव’च्या वणव्याची धग अजून निवाली नव्हती, अशा काळात परकीय सत्तेची बाजू न्यायालयात मांडण्याचे हे पद होते. १९४६ साली ते न्यायासनावर बसले. १९५४ साली नागपूरचे मुख्य न्यायाधीश, १९५८ साली सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश आणि १९६८ साली सरन्यायाधीश झाले.

कालचा सरकारी वकील आज न्यायाधीश झाला, तर त्याचे मन शासनाकडे झुकणार नाही कशावरून? ही शंका जुनी आहे आणि ती रास्तही आहे. तिचे उत्तर निकालपत्रांतच शोधावे लागते. १९६५ च्या सज्जनसिंग खटल्यात हिदायतुल्लांनी निर्णयाशी सहमती दर्शविली. पण मूलभूत हक्क संसदेतील विशेष बहुमताच्या हाती सोपवावेत काय, ही शंका त्यांनी नोंदवून ठेवली. १९६७ च्या गोलकनाथ खटल्यात सहा विरुद्ध पाच अशा निसटत्या बहुमतात ते होते. १५ डिसेंबर १९७० रोजी, निवृत्तीच्या आदल्या दिवशी, त्यांच्या अध्यक्षतेखालील पीठाने संस्थानिकांची मान्यता काढून घेणारा राष्ट्रपतींचा आदेश रद्दबातल ठरविला. तनखे बंद करणे त्या वेळी लोकप्रिय होते. त्या धोरणाविषयी कोणाचे काहीही मत असो. सत्ता कितीही बलवान असली तरी तिने घटनेच्या चौकटीतच वागले पाहिजे, हे बजावण्यास धैर्य लागते.

अर्थात त्यांचा प्रत्येक निकाल स्वातंत्र्याच्याच बाजूचा होता, असे नव्हे. ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकल्याबद्दल मुंबईच्या पुस्तकविक्रेत्याला झालेली शिक्षा १९६४ साली त्यांनीच लिहिलेल्या निकालाने कायम झाली. परंतु तेथेही निकाल चुकला असे कोणी म्हणू शकेल. तो विकला गेला असे म्हणता येणार नाही. न्यायाधीशाची खरी कसोटी हीच होय.

यातून, सरकारी वकिलीचा पूर्वानुभव हा दोष मानू नये, एवढेच निष्पन्न होते. तो गुण आहे असे मात्र मुळीच ठरत नाही. शासनाची बाजू मांडणाऱ्यांतून न्यायाधीश निवडताना निवडीची कारणे स्वच्छपणे जनतेपुढे यावीत. हिदायतुल्लांसारखी माणसे लाभतीलच, या भरवशावर न्यायव्यवस्था सोडून देणे धोक्याचे आहे.

न्यायाधीश निःस्पृह असला, तरी त्याच्यापर्यंत पोहोचता आले पाहिजे. याचे मोल गोमंतकीयांना कोणी सांगावयास नको. १९८२ साली मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ पणजीस आले, तेव्हा न्यायिक आयुक्तांच्या न्यायालयाचे पर्व संपले. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापुरास फिरते खंडपीठ सुरू झाल्याने रत्नागिरी-सिंधुदुर्गच्या पक्षकाराची मुंबईवारीही टळली. पांढुर्ण्याच्या शेतकऱ्याला मात्र उच्च न्यायालयासाठी अजून जबलपूरच गाठावे लागते आणि तेथे त्याची मराठी चालत नाही. नागपूरलाही उच्च न्यायालयाचा कारभार इंग्रजीतच चालतो, हे खरे. पण तेथे निदान वकिलापुढे आपले गाऱ्हाणे आपल्या भाषेत मांडता येते. राज्यांच्या सीमा शासनाने आखल्या. त्या ओलांडून न्याय दारापर्यंत नेण्याचे कर्तव्यही शासनाचेच आहे.