ओठ ॲनीचे, आवाज जोनचा

प्लेबॅक आपल्याला नवा नाही. हिरॉइन ओठ हलवते, गाते दुसरीच, आणि आपण बिनधास्त दोघींच्या प्रेमात पडतो. पण गाणं सोडा, सिनेमाभर साधे संवादही दुसरीनेच बोलायचे, आणि तेही शूटिंग चालू असताना? १९२९ मध्ये लंडनजवळच्या एल्स्ट्रीच्या स्टुडिओत हे घडलं. ज्या हिरॉइनवर ही वेळ आली ती होती प्रागमध्ये वाढलेली, चेक मूकपटांची लाडकी ॲनी ओंद्रा.

तोवर बाईंची गाडी सुसाट होती. दिग्दर्शक-नट कारेल लामाच, कॅमेरामन ओटो हेलर, लेखक वाक्लाव वासरमान आणि ही, असं चौघांचं टोळकं. सोनेरी केस, टपोरे डोळे आणि धडपडून हसवायची हौस. मूकपटाला भाषेची अडचण नव्हतीच. व्हिएन्ना, बर्लिन करत ती लंडनला पोचली. तिथे हिचकॉकने तिला आधी 'द मँक्समन'मध्ये घेतलं, मग 'ब्लॅकमेल'मध्ये.

'ब्लॅकमेल' सुरू झाला मूकपट म्हणून. मध्येच ठरलं, बोलपट करू! आता ॲनी लंडनच्या दुकानदाराची मुलगी, आणि इंग्रजी मात्र पक्कं परदेशी वळणाचं. नंतर डबिंग करायची सोय तेव्हा नव्हती. मग जोन बॅरी नावाची इंग्लिश नटी फ्रेमबाहेर माइकसमोर उभी राहून बोलायची आणि ॲनी त्यावर ओठ हलवायची. पडद्यावर जोनचं नावही नाही. (हिचकॉकने तिला १९३१ च्या 'रिच अँड स्ट्रेंज'मध्ये हिरॉइन केलं, तेवढी भरपाई.)

ॲनीच्या आवाजाच्या टेस्टची छोटी फिल्म अजून बघायला मिळते. तिशीही न गाठलेला हिचकॉक तिला भलतेसलते प्रश्न विचारतो, ती लाजून, हसून तोंड फिरवते. आजच्या ऑफिसात हा बॉस थेट एचआरसमोर बसला असता.

गंमत म्हणजे 'ब्लॅकमेल'मधला सगळ्यात गाजलेला सीन संवादांवर उभाच नाही. अब्रूवर हात टाकणाऱ्याला आदल्या रात्री सुरीने मारून आलेली ही मुलगी नाश्त्याच्या टेबलावर. शेजारीण बडबडतेय, पण तिला त्यातला एकच शब्द ऐकू येतोय... 'नाइफ'! पाव कापता कापता हात असा दचकतो की सुरी उडून पडते. तिथे जोन बॅरी काय करणार?

लंडनमधलं दार बंद झालं. बाई रडत बसल्या नाहीत. १९३० मध्ये लामाचबरोबर बर्लिनमध्ये स्वतःची फिल्म कंपनी काढली आणि धडाक्यात जर्मन बोलपट केले. १९३१ मध्ये कॉमेडीचा बादशहा व्लास्ता बुरियानबरोबर चेक बोलपटही. दोन्हीकडे आवाज खुद्द तिचा. १९३३ मध्ये तिने बॉक्सर मॅक्स श्मेलिंगशी लग्न केलं, तो संसार १९८७ मध्ये ती जाईपर्यंत टिकला.

आणि हो, 'ब्लॅकमेल'ची मूक आवृत्तीही तेव्हाच निघाली होती, कारण कित्येक थिएटरांत आवाजाची यंत्रंच नव्हती. २०१२ मध्ये ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने ती झकास दुरुस्त केली. मिळाली तर तीच बघा. तिच्यात ॲनी पूर्णपणे ॲनीच आहे.